आडवे जेऊरकरांचे, उभे ताईंचे

शरयूताई मिरजगावकर यांची आणि माझी पहिली भेट गणपतीच्या प्रसादावरून झाली. जयपूरच्या आपल्या मराठी मंडळाच्या उत्सवात मी मोदक वाटत होते. ताटात जुनं मराठी वर्तमानपत्र अंथरलेलं होतं. एक उंच, चष्मा लावलेल्या बाई समोर आल्या, मोदकाकडे न बघता मोदकाखाली बघू लागल्या आणि म्हणाल्या, "थांब! हलवू नकोस ताट." मला वाटलं झुरळ, आणि मी ताट टाकणारच होते. त्यांनी दोन मोदक बाजूला सरकवले, खालच्या शब्दकोड्यावर बोट ठेवलं आणि विचारलं, "पाण्याचा लहान प्रवाह, तीन अक्षरी. सांग."

"नाली, आंटीजी?" मी म्हटलं.

"नाली दोन अक्षरी. आणि मी आंटीजी नाही, ताई म्हण." मागे प्रसादाची रांग खोळंबली होती, पण त्यांना कसली घाई! "ओहोळ. ओहोळ माहीत नाही? कुठली गं तू?"

"इथलीच. मतलब, आम्ही भुसावळचे, पण पप्पा रेल्वेत, म्हणून मी जन्मापासून जयपूरची."

"त्यातलं 'मतलब' काढून टाक, बाकी वाक्य बरं आहे. रविवारी सकाळी घरी ये." एवढं बोलून त्या निघून गेल्या. मोदक घ्यायचा राहिलाच.

ताईंच्या पंचाहत्तरीनिमित्त निघणाऱ्या या गौरवग्रंथात मी लिहावं, असं संपादक मंडळाने सुचवलं. मराठी वाचायला मी हिंदी शाळेच्या जोरावर शिकले आणि लिहायला ताईंच्या ओरड्यावर. हा लेख छापून आल्यावर त्या पेन्सिल घेऊन बसणार, हे मला पक्कं ठाऊक आहे. परवानगी मागायला गेले तेव्हा त्या म्हणाल्या, "खरं लिहिणार असशील तर लिही. जेऊरकरांचं लिहिणार असशील तरच. नुसती आरती ओवाळायची असेल तर मंडळात माणसं कमी नाहीत." तेव्हा कोडी रचणाऱ्या जेऊरकरांचं लिहिते. ताईंच्या एका पत्राने एका माणसाचं आयुष्यभराचं काम बंद पडलं की काय, या धास्तीने त्यांना गेल्या वर्षी घेरलं होतं, त्याची ही हकिकत आहे.

त्याआधी ज्यांना ताई ठाऊक नाहीत त्यांच्यासाठी थोडं सांगायला हवं. ताई मूळच्या साताऱ्याकडच्या. विमा कंपनीत अधिकारी म्हणून बदली होऊन त्या जयपूरला आल्या आणि इथेच निवृत्त झाल्या. यजमान गेले, मुलगा परदेशी, पण सी-स्कीम या वस्तीमागची आपली दोन खोल्यांची जागा त्यांनी सोडली नाही. गावाकडचं एक मराठी दैनिक त्या टपालाने मागवतात. कधी ते दोन दिवसांनी येतं, कधी चार अंक एकदम. फोनवर तेच वर्तमानपत्र सकाळी सहाला दिसतं, हे मी त्यांना शंभरदा सांगितलं. "काचेवर पेन्सिल चालत नाही," हे त्यांचं ठरलेलं उत्तर.

आणि रविवार म्हणजे कोर्ट. आठवड्याची कोडी सोडवून आम्ही पाच-सहा जण ताईंकडे जमतो. पोहे ताईंचे, कचोरी देशपांडेकाकांची. काका बँकेतून निवृत्त झालेले, कोड्यात कच्चे, पण गप्पांत पक्के. खाणं झालं की प्रत्येक सूचनेची उलटतपासणी होते. ताईंकडे तीनच निकाल आहेत. उत्तर कळल्यावर आपल्याच कपाळावर हात मारावासा वाटला तर 'चोख'. नुसतं कळलं तर 'चालेल'. आणि अडचण उत्तराची नसून रचणाऱ्याच्या आळसाची असेल, तर 'चोरटा'. हे निकाल पोस्टकार्डावर लिहून ताई कोडं रचणाऱ्यांना, श्री. जेऊरकर यांना, वर्तमानपत्राच्या पत्त्यावर पाठवत. कोड्याखाली त्यांचं नाव बारीक अक्षरात छापलेलं असे. उत्तर कधीच आलं नाही. "टीका उत्तरासाठी करायची नसते," असं ताई म्हणत. पण पोस्टमन दिसला की त्यांची मान वळायची, ती मी पाहिली आहे.

स्वस्थ बसणं हा ताईंचा स्वभावच नाही. मंडळाची सहल आमेरला गेली होती. 'भिंतीचा डोळा, तीन अक्षरी' एवढं एक त्यांचं अडलेलं. सगळे किल्ला बघतायत आणि ताई खाली मान घालून पुटपुटत चालल्यात. मध्येच वर बघितलं आणि त्या जोरात ओरडल्या, "गवाक्ष!" गाईड दचकला. "क्या हुआ माताजी?" ताईंनी त्याला जाळीची खिडकी दाखवली आणि हिंदीत पूर्ण समजावून सांगितलं. तोही भला माणूस, "वाह" म्हणाला. "चोख! अगदी चोख! हा जेऊरकर माणूस मोठा आहे," असं म्हणत त्या परतीच्या बसमध्ये सगळ्यांना तेच सांगत राहिल्या.

त्यांची मायासुद्धा अशीच, जरा टोकदार. मला डेंग्यू झाला होता तेव्हा रोज दुपारी रिक्षा करून त्या यायच्या. कपाळावर हात ठेवणं, "कसं वाटतंय बाळा" वगैरे काही नाही. डबा मांडीवर ठेवून बसायच्या, "आडवा दोन सांग, मग खिचडी." मी रडकुंडीला यायचे. पप्पा दारातून म्हणायचे, "ताई, तिला ताप आहे हो!" ताई म्हणायच्या, "तापाला शब्दांचं काय वावडं?" पण सहा अक्षरं सांगितली की खिचडीवर तूप वाढताना हात आखडायचा नाही. मी बरी झाले ते औषधाने की चिडून, देव जाणे.

आता ती गोष्ट.

मागच्या उन्हाळ्यात टपालाचा पार बोऱ्या वाजला होता. एका दिवसाचं कोडं आलं, ताईंनी सोडवलं. उत्तर दुसऱ्या दिवशीच्या अंकात येतं. पुढचा अंक हातात पडला आणि त्यातली उत्तरं ताडून बघतात तर एकही शब्द जुळेना! त्या दैनिकात काळ्या घरांचे दोन-तीनच साचे आलटून पालटून येतात, आणि नेमका साचा तोच होता. ताईंचा पारा चढला. मी तिथेच होते. "तारीख बघितली का?" असं विचारायचं माझ्या डोक्यातसुद्धा आलं नाही, कारण ताई चुकतात हेच कधी डोक्यात आलं नव्हतं. त्यांनी जागच्या जागी पोस्टकार्ड लिहिलं: 'आपण रचलेलं कोडं आपण स्वतः कधी सोडवून पाहता का? जमत नसेल तर हे काम आता दुसऱ्या कुणाला द्यावं.' काका म्हणाले, "शरयूताई, जरा जास्त होतंय." ताई म्हणाल्या, "कमीच आहे."

काही दिवसांनी कोड्याखालचं जेऊरकरांचं नाव नाहीसं झालं. कोडी येत होती, पण कसली? 'एक फळ.' 'एक नदी.' 'एक रंग.' ताई पहिल्याच दिवशी म्हणाल्या, "माणूस बदलला." 

आणि मग मंगोड्या. ताईंच्या शेजारच्या शर्माभाभींनी गच्चीवर मुगाच्या मंगोड्या, म्हणजे आपले सांडगे, वाळत घातल्या होत्या. कपडे वाळत घालायला ताई आणि मी वर गेलो. मंगोड्यांखाली मराठी कागद! पोस्टमनने चुकून भाभींच्या पेटीत टाकलेला, मधला हरवलेला अंक. ताई उकिडव्या बसल्या आणि एकेक मंगोडी उचलून खालचं वाचू लागल्या. भाभी म्हणाल्या, "दीदीजी, चाहिए तो ले जाइए ना, अभी कच्ची हैं!" ताईंना ऐकूच गेलं नाही. त्या कोड्याची खरी उत्तरं त्या कागदावर होती, आणि ताईंच्या उत्तरांशी ती शब्दन् शब्द जुळत होती. त्यांनी भलत्याच दिवसाच्या उत्तरांवरून जेऊरकरांना झोडपलं होतं.

उन्हात त्या तशाच बसून राहिल्या. "वंदना," त्या म्हणाल्या, "माझ्या पत्राने तो माणूस त्या कामावरून उठला असेल तर?"

त्यानंतरची ताईंची तगमग मी कधी विसरणार नाही. पोह्यात मीठ दोनदा पडायचं. वर्तमानपत्राच्या कचेरीत फोन केला तर एक तरुण आवाज म्हणाला, "मॅडम, ते आता देत नाहीत. का ते माहीत नाही, पत्ता देता येणार नाही." काका समजूत घालायला गेले, "अहो, वय झालं असेल, निवृत्त झाले असतील." ताई फटकन म्हणाल्या, "तुम्हाला माहीत आहे? मग गप्प बसा." मग त्यांनाच वाईट वाटलं आणि काकांच्या बशीत त्यांनी जास्तीचे पोहे वाढले.  ज्या बाईंनी मला मराठीत उभं केलं, त्यांना असं खचलेलं बघवत नव्हतं.

शेवटी माणूस सापडला तो त्याच्याच कोड्यांतून. ताई जुनी कोडी काढून बसल्या. "हे बघ. 'काहील', 'चिपाड', 'मळी'. दर हिवाळ्यात गुऱ्हाळाचे शब्द. उन्हाळ्यात नदीचे घाट. हा माणूस कृष्णाकाठचा, उसाच्या रानातला. मी त्याच मातीतली आहे, मला वास येतो." काकांचे मेहुणे कराडला आहेत. त्यांनी चौकशी केली आणि आठवडाभरात कराडजवळच्या एका गावातल्या निवृत्त मास्तरांचा नंबर आला.

रविवारी सगळ्यांसमोर ताईंनी फोन लावला. एकटीने बोलायचं धाडस नाही, असं त्याच म्हणाल्या. पलीकडे एक थकलेला, पण स्वच्छ आवाज. "मी जयपूरहून बोलतेय," ताई म्हणाल्या.  पलीकडून लगेच आवाज आला, "चोरटा?"

"हो," ताई म्हणाल्या, "तीच मी."

"अहो बाई, बोला की! तुमची कार्डं ते लोक मला पाठवत होते. माझ्या सगळ्या आयुष्यात माझं कोडं वाचणारा एकच माणूस मला माहीत होता."

ताईंनी कसलीही सबब न सांगता चूक कबूल केली. अंक हरवला होता, उत्तरं भलत्या दिवसाची होती, दोष सर्वस्वी माझा.  जेऊरकर सरांनी विचारलं, "म्हणजे त्या कोड्यात चूक नव्हती?"

"एकही नव्हती."

"मी दिवसचे दिवस भिंग घेऊन बसलो होतो हो. चूक काही सापडेना. डोळे अधू झालेत, मोतीबिंदू. मला वाटलं, आता आपल्याला आपली चूकसुद्धा दिसत नाही. मग थांबलेलं बरं. म्हणून कळवून टाकलं त्यांना."

 ताईंना ज्याची भीती होती तेच खरं निघालं होतं. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि त्या फोनवर जवळजवळ ओरडत होत्या, "अहो, नव्हती म्हणून दिसली नाही! तुम्हाला सगळं नीट दिसत होतं, जेऊरकर! आंधळी मी होते!"

वर्तमानपत्राने ती जागा केव्हाच दुसऱ्याला दिली होती, तिथे काही होण्यासारखं नव्हतं. पण ताई हातावर हात ठेवून बसणाऱ्यांतल्या नव्हेत. "कोडी आम्हाला द्या," त्या म्हणाल्या. "तुम्ही तोंडाने सांगा, इथे वंदना लिहून घेईल."

सर हसले. "एका अटीवर. इतकी वर्षं नुसते निकाल दिलेत, आता स्वतः रचून दाखवा. आडवे मी, उभे तुम्ही."

ताईंचा चेहरा असा पडला की काकांना कचोरीचा ठसका लागला. दुसऱ्याचं कोडं सोलणं वेगळं आणि आपलं दुसऱ्यापुढे ठेवणं वेगळं. पहिल्या आठवड्यात ताईंनी खोडून खोडून कागदाला भोकं पाडली. शनिवारी सरांना उभ्या सूचना वाचून दाखवल्या. सर शांतपणे ऐकत होते. उभ्या चारला म्हणाले, "बाई, चोरटा." ताईंनी फोन ठेवला आणि लहान मुलीसारखी टाळी वाजवली. "बघ! बघ! त्यांना दिसतं!" त्या दिवशी पोह्यात मीठ एकदाच पडलं.

तेव्हापासून दर शनिवारी कराड आणि जयपूर फोनवर भांडतात. सरांच्या एका डोळ्याची शस्त्रक्रिया झाली, तारीख ताईंनी भांडून ठरवायला लावली. दोघांनी अजून एकमेकांना पाहिलेलं नाही.

या ग्रंथात या लेखाच्या पुढच्या पानावर त्या दोघांचं कोडं छापलं आहे. आडवे शब्द जेऊरकर सरांचे, उभे शरयूताईंचे. मी ते सोडवायला घेतलं आहे आणि हा लेख लिहिताना एक जागा अजून रिकामीच आहे, त्यामुळे कशातच लक्ष लागत नाही. उभा अकरा: 'न पाहिलेला, तरी नेहमी भेटणारा, तीन अक्षरी.' माझ्याकडे एक उत्तर आहे, सरांनाच लागू पडणारं, पण ताईंसमोर लिहायची हिंमत नाही. म्हणून मी संपादकांना विचारलं, उत्तरं कुठल्या पानावर आहेत? ते म्हणाले, ताईंनी दिलेलीच नाहीत. मी तडक ताईंकडे गेले. त्या पेन्सिलीला टोक करत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "उत्तरं माझ्या शंभरीच्या ग्रंथात."

ताई, दीर्घायुष्य चिंतणारा मजकूर मी घरी लिहून ठेवला होता, तो फाडून टाकला. एवढंच सांगते. पुढच्या पानावर दोन नावं आहेत, आणि उत्तरं छापून येईपर्यंत त्या दोघांपैकी कुणालाही कुठेही जायची परवानगी नाही. प्रकृती सांभाळा. आम्ही पेन्सिली घेऊन बसलो आहोत.