शेवटच्या खुर्चीचा माइक

“परत एकदा. पण या वेळी ऐकत.”

असं म्हणून दादा हनुवटी डाव्या खांद्याकडे झुकवायचे. खांद्यावर व्हायोलिन नसायचं, तरी हनुवटी आपली जागा सोडत नसे. मुलुंडला आमच्या सोसायटीच्या मागच्या गल्लीत त्यांचा स्टुडिओ होता. कोपऱ्यावरच्या दुकानात मान वाकडी करून दुधाची पिशवी मागणारे गृहस्थ तुम्ही पाहिले असतील, तर तेच ते.

मी त्यांचा रेकॉर्डिस्ट. तरुणपणी ते शास्त्रीय मैफली वाजवत. मग वादकांसमोर उभं राहून त्यांच्याकडून वाजवून घ्यायचं काम आलं, पुढे मालिकांच्या संगीताची निर्मिती, आणि व्हायोलिन कपाटात गेलं ते गेलंच. वादकांना मात्र ते सळो की पळो करून सोडायचे. एक सूर हलला की सगळं पहिल्यापासून. मला तर कधीकधी त्यांचा भयंकर राग यायचा.

माफी फक्त बापूंना. बापू त्यांचे गुरुबंधू, नाहूरहून यायचे. हात कापायचा त्यांचा. दादा त्यांना शेवटच्या खुर्चीवर बसवायचे, वेगळा माइक द्यायचे आणि मला बजावायचे, “तो फेडर खाली. आणि तोंड बंद.” फेडर खाली म्हणजे त्या माइकचा आवाज गाण्यात येणारच नाही. बापूंना याचा पत्ता नव्हता. निघताना ते हटकून विचारायचे, “बरा वाजवलंय मां?”

“झकास!”

खोटं बोलताना दादांची मान तेवढी सरळ व्हायची.

गेल्या वर्षी त्यांना अर्धांगाचा हलका झटका आला. त्यातून उठले आणि एक दिवस कपाटातलं व्हायोलिन घेऊनच स्टुडिओत आले. हे आपलं शेवटचं काम, यात आपण वाजवायचंच, असं त्यांनी ठरवलं होतं. बापूंच्या शेजारी खुर्ची ओढून बसले.

“माझा फेडर खाली ठेवलास तर बघ,” मला म्हणाले. “खरं काय ते ऐकायचंय मला.”

मी वर ठेवला. टेक झाला, बापू खुशीत घरी गेले. दादांनी फक्त स्वतःचा माइक ऐकला. गज अडखळत होता, सूर जागेवर बसत नव्हता. त्यांनी पुन्हा ऐकलं.

“राहू दे ना, दादा. कोणाला कळतंय?”

“मला कळतंय ना.”

त्यांनी स्वतःच्या बोटानं फेडर खाली ओढला. मला रडूच आलं. उगाच हेडफोनची वायर गुंडाळत बसलो.

“बापूला सांग, दोघांनीही झकास वाजवलं,” ते म्हणाले. मान सरळ होती.

दिवाळीच्या आधी दादा गेले. परवा बापू स्टुडिओत आले. “त्याच्या शेवटच्या गाण्यात आमी दोघांनी शेजारी बसान वाजवला. ऐकव मां एकदा.”

मालिकेत गेलेल्या गाण्यात दोघांपैकी कोणीच नव्हतं. मूळ रेकॉर्डिंगमध्ये मात्र प्रत्येक माइकचा आवाज वेगळा राहतोच; मी ते उघडलं आणि ते दोन्ही फेडर वर केले. दादांनी मला नक्की फाडून खाल्लं असतं.

दोन्ही व्हायोलिनं थरथरत शेवटपर्यंत गेली. गाणं संपलं, आणि दादांच्या माइकमधून त्यांचाच आवाज आला. स्वतःशीच, हळू: “परत एकदा.”

बापूंनी डोळे पुसले.

“तो सांगता मां,” ते म्हणाले. “लाव परत.”