हा व्यवहार मी केलेला नाही

खालापूरच्या तहसील कचेरीत मी एकतीस वर्षं कारकून होतो. त्यातली चार वर्षं कर्जतला गेली, पण तिथेही मी खिडकीच्या आतल्याच बाजूला होतो. बाहेरच्या बाजूला उभं राहिल्यावर माणसाला कसं वाटतं, हे मला निवृत्तीनंतर कळलं. तेही मोबाइलवरच्या कॅरममुळे.

निवृत्त झाल्यावर पहिले काही महिने मी घरातल्या सगळ्या फायली लावल्या. विजेची बिलं वर्षवार लावली, गॅसच्या पावत्या लावल्या, मग लावायला काही उरलं नाही. अशाच एका दुपारी फोनवर कॅरमची जाहिरात आली आणि मी तो खेळ उतरवून घेतला. पलीकडे कुणीतरी अनोळखी माणूस, अलीकडे मी. लहानपणी लोधिवलीला आमच्या ओटीवर मी बरा खेळायचो, निदान माझी तशी समजूत होती. पहिल्या आठवड्यात मी सतरा डाव हरलो.

दुपारी जेवण झालं की मी आतल्या खोलीचं दार लावून घ्यायला लागलो. बायकोला सांगितलं, जुन्या कागदपत्रांची यादी करतोय. खरं सांगायची सोय नव्हती. मोबाइलवरच्या खेळांपायी माणसं कशी वाया जातात, हे मी भेटेल त्याला सांगत आलो होतो. साखरपुड्यात सांगितलं, सत्यनारायणाच्या पूजेत सांगितलं, एकदा तर मयतीहून परतताना टेंपोत बसलेल्या दहा-बारा जणांना सांगितलं. त्यातला एकही उतरू शकत नव्हता.

एका दुपारी खेळात सूचना आली: सोनेरी स्ट्रायकर घ्या, तीन दिवस मोफत, ओळख पटवण्यासाठी फक्त दोन रुपये. दोन रुपये मला अगदी योग्य वाटले. आमच्या कचेरीत अर्जाला कोर्ट फी स्टॅम्प लावल्याशिवाय मी अर्ज हातात घेत नसे. इथेही काहीतरी रीत आहे म्हणून बरं वाटलं. खाली बारीक अक्षरांत बरंच काही लिहिलं होतं. ते वाचायला चष्मा लागला असता आणि चष्मा बाहेरच्या खोलीत होता. मी पिन टाकला. सोनेरी स्ट्रायकर मिळाला. त्यानेही मी हरलोच.

त्याच आठवड्यात धाकटा भाऊ आला. तो लोधिवलीला असतो. कारखान्यात पाळी करतो आणि घरची भातशेतीही बघतो. त्याचा फोन पाण्याच्या पिंपात पडला होता आणि मळणीचं मशीन ठरवायचं होतं.

"दादा, दोन दिस तुजा फोन दे. माजं सिम घालतो," तो म्हणाला.

मी फोन दिला. दोन दिवस दुपार जाता जाईना. बायकोने विचारलं, "यादी संपली का?" मी म्हटलं, संपत आली. तिसऱ्या दिवशी भावाने फोन परत आणून दिला, वर घरच्या काकड्या दिल्या.

पुढे दोन-अडीच महिने आमच्या चौक गावच्या बँकेतलं पासबुक छापायचं मशीन बंद होतं. ते सुरू झाल्याचं कळताच मी पहिल्या दिवशी रांगेत लागलो. छापून आलेलं पान तिथेच उभ्या उभ्या वाचलं. दर आठवड्याला दोनशे नव्व्याण्णव रुपये गेले होते. अकरा वेळा. समोर कुठल्यातरी परदेशी वाटणाऱ्या कंपनीचं नाव. एकूण तीन हजार दोनशे एकोणनव्वद. बेरीज मी दोनदा केली.

घरी येऊन मी चौकशी सुरू केली. आयुष्यभर इतरांच्या अर्जांवर शेरे मारलेले, त्यामुळे निष्कर्ष झटकन निघाला. पहिले पैसे गेले त्या तारखेला फोन भावाकडे होता. माझा पिन म्हणजे आमच्या जुन्या मोटारसायकलचा नंबर, आणि ती मोटारसायकल भावाने माझ्याहून जास्त चालवलेली. आणखी काय पुरावा हवा? माझा कॅरम फुकटचा होता, त्यामुळे त्याचा संबंध येण्याचा प्रश्नच नव्हता.

बायको म्हणाली, "अहो, आधी बँकेत विचारा." मी ऐकलं नाही. स्कूटर काढली आणि लोधिवलीला गेलो.

भाऊ पडवीत पोत्यांना शिवण घालत होता. त्याची बायको आणि कॉलेजात जाणाऱ्या दोन्ही मुली तिथेच बसल्या होत्या. मी बसलोही नाही. पासबुक त्याच्यापुढे धरलं आणि म्हटलं, "हे काय आहे?"

त्याने पान बघितलं. "काय हाय?"

"माझ्या फोनवरून कसला तरी खेळ घेतलास. दर आठवड्याला पैसे जातायत. पाहिजे होते तर मागायचे. असं गुपचूप कशाला?"

तो दाभण हातात धरून माझ्याकडे बघत राहिला. "दादा, मी खेळ नाय घेतला रं. मला त्यातलं येत बी नाय."

"तारीख बघ. फोन तुझ्याकडे होता."

"व्हता. मळणीवाल्याला चार फोन केलं, आनि ठेवून दिला." मग तो हळू बोलला, "पोरींसमोर बोलतोयस तू."

मी आणखी एक-दोन वाक्यं बोललो. ती इथे लिहीत नाही. धाकटी पुतणी उठून आत गेली.

दुसऱ्या दिवशी मी बँकेत लेखी तक्रार घेऊन गेलो. दोन पानी अर्ज, विषय, संदर्भ, सोबत जोडलेल्या कागदांची यादी, सगळं होतं. अर्जाच्या मध्यभागी मी लिहिलं होतं, 'सदर व्यवहार मी केलेला नाही. अर्जदाराने आजतागायत कोणताही ऑनलाइन खेळ खेळलेला नाही.' दुसरं वाक्य लिहिताना हात जरा अडला होता. पण कॅरमबद्दल लिहिलं असतं तर तक्रार कमजोर झाली असती, आणि कमजोर अर्जाचं मी स्वतः काय करायचो हे मला माहीत होतं.

टेबलावरच्या अधिकारी बाई तिशीच्या असतील. त्यांनी अर्ज पूर्ण वाचला. एवढ्यानेच मी चकित झालो, कारण मी कधी कुणाचा वाचला नव्हता.

"काका, हे पैसे कार्डावरून गेलेले नाहीत," त्या म्हणाल्या. "ऑटोपे आहे. म्हणजे तुम्ही एकदा परवानगी दिली की पैसे आपोआप कापले जातात."

"मी परवानगी दिलेली नाही."

"पैसे कापण्याच्या आदल्या दिवशी मेसेजही येतो."

"मला आलेला नाही."

"फोन बघू?"

मी फोन दिला. मेसेजच्या चित्रावर लाल वर्तुळात न वाचलेल्या मेसेजांचा आकडा होता, चार अंकी. त्यांनी ज्या ॲपमधून मी पैसे पाठवतो ते मला उघडायला सांगितलं, आत कुठेतरी ऑटोपेची यादी होती ती काढली आणि फोन टेबलावर माझ्याकडे फिरवला.

यादीत एकच नोंद होती. शेजारी छोटंसं चित्र: कॅरमचा बोर्ड. खाली तारीख. भाऊ फोन न्यायला आला त्याच्या दोन दिवस आधीची, सोनेरी स्ट्रायकरच्या दुपारची.

"तीन दिवस मोफत असतं," त्या सांगायला लागल्या. "त्या वेळी दोन रुपये घेतात, त्यातच पुढच्या सगळ्या आठवड्यांची परवानगी असते. चौथ्या दिवशी पहिले पैसे कापले."

चौथ्या दिवशी फोन लोधिवलीला होता. फोन कुठेही असता तरी ते कापले गेलेच असते.

मी काही बोलायच्या आत फोन वाजला. 'तुमचा प्रतिस्पर्धी वाट पाहतोय!' आम्ही दोघांनीही ते वाचलं.

"घरात कुणी खेळतं का काका?" त्यांनी विचारलं. त्यांच्या आवाजात टोमणा नव्हता. माझी सुटका व्हावी म्हणूनच त्यांनी तसं विचारलं असावं. 'घरात कुणीतरी' एवढं म्हणून मला निघून जाता आलं असतं.

"मीच खेळतो," मी म्हटलं.

त्यांनी अर्ज माझ्याकडे सरकवला. "मग हा परत घ्या. त्या दुसऱ्या वाक्यासकट आम्ही तो पुढे पाठवला तर तुम्हालाच त्रास होईल." मग ऑटोपे कसं बंद करायचं ते दाखवलं, माझ्याच बोटाने बंद करवलं आणि खेळाच्या कंपनीला त्यांच्या मदत केंद्रात खरं ते लिहायला सांगितलं. मी उठताना त्या म्हणाल्या, "तुम्ही तहसीलला होतात ना? मी दाखल्यासाठी आले होते. तीन खेपा झाल्या होत्या."

मला त्यांचा चेहरा आठवेना. एकतीस वर्षांत तीन खेपा घातलेले चेहरे खूप होते. मी म्हटलं, "चुकलं माझं." त्या हसल्या आणि पुढच्या माणसाला बोलावलं. माझं काम एका खेपेत झालं होतं.

घरी आल्यावर बायकोला सगळं सांगितलं. मला वाटलं, ती धक्का बसल्यासारखी बघेल. तिने लसूण सोलणंही थांबवलं नाही.

"बंद दाराआडून 'मार, मार, अरे सोडू नको' असं रोज ऐकू येतं," ती म्हणाली. "कागदपत्रांच्या यादीत कोण कुणाला मारतं?"

"मग बोलली का नाहीस?"

"दुपारी तेवढंच घर शांत असायचं. तुम्ही बाहेर असलात की माझे डबे लावता." मग तिने सुरी खाली ठेवली. "भावजींकडे कधी जाताय?"

मी म्हटलं, आधी पैसे परत मिळू देत. हा माझा शुद्ध पळपुटेपणा होता. चांगली बातमी घेऊन गेलो तर वाईट गोष्ट कमी बोलावी लागेल, असा हिशेब होता. कंपनीला मी लिहिलं. पहिलं उत्तर यंत्राचं आलं, 'तुमची गैरसोय आम्ही समजू शकतो.' दुसऱ्या उत्तरात त्यांनी व्यवहार क्रमांक मागितले. मी अकराही क्रमांक पाठवले, तर त्यांना ते वेगळ्या नमुन्यात हवे होते. खिडकी कुणाचीही असो, आत माझ्यासारखंच कुणीतरी बसलेलं असतं, हे मला पटलं. शेवटी शेवटच्या दोन आठवड्यांचे पाचशे अठ्ठ्याण्णव रुपये परत आले. बाकीचे मिळणार नाहीत, कारण त्या काळात सोनेरी स्ट्रायकर वापरला गेल्याची नोंद त्यांच्याकडे होती. हेही खरंच होतं.

मग मात्र सबब उरली नाही. रविवारी सकाळी मी लोधिवलीला गेलो. भाऊ अंगणात एकटाच होता. मी उभ्या उभ्याच सांगून टाकलं, की पैसे मीच घालवले, कॅरममध्ये, आणि तुझा काही संबंध नव्हता.

त्याने शांतपणे ऐकलं. "मला ठाव व्हतं की मी नाय केलं. मला कशाला सांगतोस?" तो म्हणाला. "पोरींसमोर बोललास, तर पोरींसमोर सांग."

त्याने हाक मारून तिघींना बाहेर बोलावलं. खिडकीच्या आत बसून मी हजारो माणसांशी बोललो असेन, पण त्या पडवीत चार वाक्यं जुळवायला मला वेळ लागला. मी म्हटलं, "त्या दिवशी मी तुमच्या बापाला जे बोललो ते खोटं होतं. चोरी कुणी केली नव्हती. मी लपून खेळत होतो, वाचल्याशिवाय पिन टाकला, आणि माझी चूक दिसायला नको म्हणून दुसऱ्याची शोधली." एवढं बोलून थांबलो.

शेवटी भावजय म्हणाली, "दादा, जेवून जा." तांदळाची भाकरी आणि सुकट होती. अर्धं जेवण होईपर्यंत भाऊ मान खाली घालून जेवत होता. मग त्याने विचारलं, "एवढं पैसं घातलंस, जिंकलास का तरी?"

"चार डाव. त्यातही दोनदा समोरच्याचं नेट गेलं होतं."

आधी थोरली पुतणी हसली, मग भावजय, मग तो. इतका हसला की त्याला ठसका लागला आणि मीच पाण्याचा तांब्या पुढे केला.

आता तो येतो-जातो, पूर्वीसारखाच. धाकटी पुतणी मात्र माझ्याशी अजून तुटकच बोलते. विचारलं तेवढंच उत्तर देते, आणि आत निघून जाते. बायको म्हणते, वेळ लागेल. मीही घाई करत नाही. पुतणी मला जितक्या खेपा घालायला लावेल, तितक्या मी घालीन.