आठवा कल्ला

रोज सकाळी चहाच्या वेळी मामा बोटाने घरातली माणसं मोजायचे. "सात दिसतायत. आठवी कुठाय?" आठवी म्हणजे मामी. ती स्वयंपाकघरात चहा गाळत असायची. "मी काय तुमच्या कोळंबीचा कल्ला आहे?" ती आतूनच विचारायची.

मामा कॉलेजच्या प्राणिशास्त्र प्रयोगशाळेत सहायक होते. कोळंबीच्या एका बाजूला आठ कल्ले असतात. एक पायाच्या मुळाशी, दोन सांध्याच्या पडद्यावर, पाच अंगाच्या भिंतीवर. पुस्तकातली जीभ अडखळवणारी नावं मामांना पाठ होती, पण ते म्हणायचे पायकरी, सांधेकरी, भिंतकरी.

त्यांची मुलगी, माझी ताई, याच कोळंबीच्या प्रात्यक्षिकात एकदा नापास झाली होती. यंदाही नापास झाली तर शिक्षण बंद, असं ठरलेलं. परीक्षेत ट्रे वाटायला नेमके मामा. ताईने कवच उचललं, कल्ले मोजले. सातच. तिने घाबरून बापाकडे पाहिलं. मामांनी पाठ फिरवली आणि धुतलेला चिमटा पुन्हा धुवायला घेतला. त्यांचा प्रामाणिकपणा नेहमी असा घरच्यांच्याच मुळावर यायचा.

तेवढ्यात ताईला सकाळचा चहा आठवला. तिने दुसरा कल्ला वरून हळूच उचलला. खाली एक इवलासा सांधेकरी दडून बसला होता.

घरी येताच ती मामीच्या गळ्यात पडली. "आई, तू सांधेकरी आहेस!"

"बापावर गेलीस," मामी म्हणाली.

मामा पेपरमागून बोलले, "चहा टाक गं. आठ कप. आणि तुझा बाहेर येऊन पी."