कळ काढायची नाही

आमच्या मुलीनं शोधून काढलेल्या यंत्राला ती नुसतं 'कळ' म्हणायची. पावडरीचा रिकामा डबा, त्यात बिघडलेल्या गजराच्या घड्याळाची कमान, म्हणजे स्प्रिंग, आणि ती सुटू नये म्हणून आडवा खोवलेला तिच्या आईच्या केसांतला आकडा. एवढंच.

दुष्काळाच्या पुढच्या वर्षी ती अकराची होती. सांधे सुजवणारा ताप आला आणि जाताना काळजाची झडप बिघडवून गेला. ठोके कधी धावतात, कधी अडखळतात, असं मिरजेच्या डॉक्टरांनी सांगितलं. पळणं बंद, शाळा बंद. रहिमतपूरच्या घरी सोप्यात अंथरुणावर बसून तिनं एक गाव रचलं.

त्या गावात वीज नव्हती, इंजिन नव्हतं, बैलही नव्हते. सगळं वेळेवर चालायचं, म्हणजे वेळेच्या जोरावर. पिठाची गिरणी, मोट, एसटीसुद्धा. पण तो जोर सारखा नसे. कधी लोंढा येई आणि दळणाला गेलेली बाई म्हातारी होऊन परत येई. कधी इतका कमी पडे की चुलीवरचं दूध दिवसभर तापत नसे. म्हणून चावडीपुढं ही कळ बसवलेली. जादा वेळ साठवायची, कमी पडला की सोडायची.

मी साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर कारकून. हिशेब न लागणारी गोष्ट मला पचत नाही. मी विचारलं, "साठवलेला वेळ राहतो कुठं? डबा तर एवढासा."

"कमान आवळत जाती की, आबा. तुमच्या घड्याळात आख्खा दिवस मावतोय, तवा कुटं इचारता?"

"आणि किती आवळायची ते मोजतं कोण?"

"तुमच्या आकड्यांनी न्हाई चालत ती. आईच्या आकड्यानं चालती."

चुलीपासून आई म्हणाली, "माझा आकडा न्यायचा आन वर मलाच गावच्या कामाला लावायचं. व्हय गं?"

एकदा पोरीच्या घोट्याला शेक देताना आई म्हणाली, "जरा कळ काढ." थोडं सोस, थोडं थांब, याला आमच्याकडं हेच म्हणतात. पोरगी केवढ्यानं ओरडली, "कळ काढायची न्हाई! गाव वाहून जाईल!"

तेव्हापासून घरात ते शब्द बंद झाले. त्याऐवजी आम्ही 'कळ धर' म्हणू लागलो. मला इतकी सवय लागली की काट्यापुढं उसाच्या गाड्यांची रांग गलका करू लागली तरी माझ्या तोंडून तेच निघे. गाडीवान म्हणत, "कंची धरू, सायेब? बैलाच्या कासऱ्यालाच हात रिकामा न्हाई!" मी हे घरी सांगितलं की ती हसायची, मग खोकायची, मग आई माझ्यावर डोळे वटारायची.

दिवाळीनंतर तिला धाप लागू लागली. आम्ही रेल्वेनं मिरजेला निघालो. डबा तिच्या मांडीवर. मी तिची नाडी मोजत होतो आणि मोजणी सारखी चुकत होती. काट्यावर माझी मोजणी चुकत नसे.

"आबा, मोजू नगा," ती म्हणाली. "कळ बसीवलीया."

डॉक्टर म्हणाले, झडपेची शस्त्रक्रिया मुंबईला होते, पण तेवढा प्रवास आता तिला झेपणार नाही. औषधं चालू ठेवू. त्यांनी खोटी आशा दाखवली नाही, याबद्दल मी त्यांचा आभारी आहे.

तिला आडवं पडवत नव्हतं. दवाखान्यातल्या खाटेवर आईला टेकून बसायची, डबा पोटाशी. एका दुपारी तिनं डोळे उघडले आणि स्पष्ट म्हणाली, "आबा, आता कळ काढा."

मी म्हणालो, "कळ धर, बाळा." तिनं डोळे मिटले. दिवस मावळायच्या आत ती गेली.

परतीच्या गाडीत तिची आई म्हणाली, "जाताना आपल्याला सांगून गेली बघा. कळ काढा म्हणाली." तिच्या लेखी पोरीनं आईबापाला सोसायला सांगितलं होतं. माझ्या कानाला ते तसं आलं नव्हतं. तिला आता सोसवत नव्हतं, आणि ती आकडा काढायला सांगत होती. सुटू द्या म्हणून. दोन्ही अर्थ मी पुष्कळ वेळा ताडून पाहिले. शब्द तेच, आणि एकही दुसऱ्यापेक्षा हलका भरत नाही. मी बायकोला काही बोललो नाही. तिच्या अर्थावर ती उभी होती.

डबा फडताळात आहे. दसऱ्याला घर आवरताना ती तो वरून पुसते, आणि जपून जागेवर ठेवते. तिनं दुसरा आकडा घेतला नाही. अंबाडा दोऱ्यानं बांधते.

परवा माझ्या गुडघ्याला शेक देत होती. फडकं जरा जास्त तापलं होतं. मी पाय ओढला, तशी ती सवयीनं म्हणाली, "थांबा की, जरा कळ काढा."

आम्ही दोघांनीही फडताळाकडं पाहिलं. मग तिनं फडकं पुन्हा पाण्यात बुडवलं, पिळलं, आणि पाणी निवेपर्यंत शेकत राहिली.