कवडूची उलटी फिल्लम

१९२६ च्या सुमारास तिरोड्याच्या बाजारात छोटेलालचा सिनेमाचा तंबू लागायचा. यंत्राचा दांडा फिरवायचा कवडू. मुख्य खेळाआधी तो पाच-पाच मिनिटांच्या विलायती गमतीच्या फिल्लमा लावी आणि मध्येच दांडा उलटा फिरवी. तळ्यात पडलेला जाड्या उडून कोरडाठाक काठावर उभा राही, फुटलेली मडकी जुळत, बाया पदर तोंडात कोंबून हसत. कवडू मात्र हसत नसे. मला तो खडूसच वाटायचा.

मग कवडूच्या गावच्या जमीनदाराला, मालगुजार भैय्यालालला, स्वतःची फिल्लम काढवून घ्यायची हौस आली. छोटेलालने कॅमेरेवाला आणला. ऐन पौषाच्या थंडीत भैय्यालालने गावातल्या म्हाताऱ्या माणसांना रांगेत उभं करून घोंगडी वाटली. रांगेत कवडूची आई धुरपताबाई होती. घोंगडं अंगावर पडताच तिने हात जोडले. कॅमेरा बैलबंडीत चढला आणि मालगुजाराच्या माणसांनी सगळी घोंगडी गोळा करून परत नेली. आठ दिवसांत म्हातारी गारठून मेली. असल्या माणसाला शिव्या तरी कोणत्या द्याव्यात?

कवडू यंत्राला तेल देत फिल्लम धुऊन यायची वाट बघत राहिला. सूड घ्यायचा तो चारचौघांत, हे त्याने ठरवून टाकलं होतं.

फाल्गुनात फिल्लम आली. भैय्यालाल नागपूरचे पाहुणे घेऊन पुढच्या खुर्च्यांवर बसला. मागे जमिनीवर त्याचंच गाव. कवडूने दिवा झाकून फिल्लम आधीच शेवटापर्यंत नेऊन ठेवली होती. आता त्याने दिवा उघडला आणि दांडा उलटा फिरवायला घेतला.

पडद्यावर भैय्यालाल हसत हसत एकेकाच्या अंगावरचं घोंगडं ओढून घेऊ लागला. लोक पोट धरून हसले. मग हात जोडलेली धुरपताबाई दिसली. तिचंही घोंगडं गेलं आणि ती उघड्या खांद्यांनी मागे मागे चालत रांगेत शिरली. हसू थांबलं.

भैय्यालाल उठून म्हणाला, "उलटी काऊन चालवून राहिला बे? सीधी चालव."

कवडूने दांडा सोडला नाही. "सीधीच हाय, मालक. असंच तं झालं."

मागून रुख्मा म्हातारी बोलली, "माहं बी असंच नेलं."

पाहुणे खाली मान घालून बाहेर पडले. त्यांच्यामागे भैय्यालाल गेला, तरी कवडूने ती फिल्लम आणखी दोनदा दाखवली. सीधी चालवली असती, तर आईच्या अंगावर घोंगडं पडताना त्याला एकदा तरी दिसलं असतं. त्याने नाही चालवली.