भिंतीवरचे निळे डाग

भाडेकराराच्या नोंदणीसाठी निबंधक कार्यालयात गेलो होतो. टेबलाशेजारच्या भिंतीवर शाईचे निळे डाग होते. कागदावर अंगठा उठवला की लोक तिथंच पुसतात. त्यातला एखादा डाग माझ्या ताईचा असेल.

वडील गेल्यावर हक्कसोड पत्र करून द्यायला ती इथंच आली होती. कायद्यानं तिला शेतात माझ्याइतकाच वाटा दिलेला. पण आमच्याकडे वाटा घेणाऱ्या बहिणीचं माहेर तुटतं, हे तिला कुणी सांगावं लागलं नाही. कायदा तिच्या बाजूनं होता आणि आम्ही सगळे तिच्याभोवती.

येताना तिनं माझ्यासाठी बेसनाचे लाडू आणले होते. मी तिला साडी घेतली होती, तीसुद्धा घासाघीस करून.

साहेबांनी तिला विचारलं, "बाई, स्वखुशीनं सोडताय ना?" कायदा तरी बिचारा याहून जास्त काय विचारणार? ताईनं मान वर केली आणि माझ्याकडे पाहिलं. ती काही बोलायच्या आत मीच घाईघाईनं म्हणालो,

"हो साहेब, अगदी स्वखुशीनं."