न चाखता केलेला सॉस

इथे परदेशात, एटोबिको उपनगरातल्या आमच्या कॉन्डोत, सातव्या मजल्यावर सुनंदामावशी राहतात. शुक्रवारी दुपारी लिफ्टचं दार उघडलं की लसणाचा, पॅप्रिकाचा आणि तळणीचा वास माणसाला हाताला धरून त्यांच्या दारापर्यंत नेतो. निदान मला तरी नेतो. मी खादाड आहे, ते लपवून काय उपयोग?

मावशींचे यजमान दीनानाथकाका नोकरीत असताना दोन वर्षं लुईझियानात होते आणि तिथून तिथल्या झणझणीत केजन पद्धतीच्या खाण्याचं वेड घेऊन आले. तळलेली कोळंबी नाहीतर बोटाएवढे स्मेल्ट मासे, आणि बुडवून खायला लालसर रेमुलाड सॉस. मावशी अलिबागच्या, त्यांना मासे कुणी शिकवायला नकोत. सॉस त्यांनी काकांच्या नुसत्या वर्णनावरून जमवला. मेयोनेजमध्ये मोहरीची पेस्ट, व्हिनेगरमधली काकडी बारीक चिरून, लिंबू आणि खलबत्त्यात कुटलेला तिखट मसाला. आणि हे सगळं एकदाही न चाखता! नैवेद्य दाखवायच्या आधी जिभेला काही लावायचं नाही, ही त्यांच्या आईची शिस्त. मासे काही देवाला दाखवत नाहीत, पण हाताला सवय लागली ती लागलीच. वास घेतला की त्यांना मीठसुद्धा कळायचं.

"मावशी, मिठाला कुठे वास असतो?" मी एकदा विचारलं.

"तुझं नाक नुसतं चष्म्यासाठी आहे, ऊर्मी," त्या म्हणाल्या.

गेल्या हिवाळ्यात तापाचं निमित्त झालं आणि त्यांना वास येणंच बंद झालं. डॉक्टर म्हणाले, येईल, न येईल. वासाबरोबर चवही गेली, असं मावशींनी धरूनच टाकलं. तेव्हापासून मावशी हरवल्यासारख्या, जरा तरंगतच चालायच्या. दुपारी खिडकीपाशी डोळा लागला की मात्र स्वप्नात सगळे वास परत यायचे. ओल्या वाळूचा, फोडणीचा, त्यांच्या वडिलांच्या इस्त्रीच्या सदऱ्याचा. जाग आली की त्या तशाच पडून राहायच्या. बाहेर समोरच्या मोठ्या तळ्यावरचं धुकं काचेला टेकलेलं असायचं आणि आपण नक्की कुठल्या किनाऱ्यावर आहोत, हे त्यांना क्षणभर उमगायचं नाही. मला हे सांगताना त्या हसायच्या. मला मात्र भरून यायचं.

सॉस बिघडत गेला. कधी खारट, कधी आंबटढाण. काका दर वेळी म्हणायचे, "फर्स्ट क्लास!" आणि वर तीन ग्लास पाणी प्यायचे. पन्नास वर्षं भाजीत मोहरी कमी पडली तरी कुरकुरणारा माणूस! मावशींना ते कौतुक चटक्यासारखं लागायचं. त्यातच दुसऱ्या शहरातून, लव्हालहून, लेकीचा, गौरांगीचा फोन आला. "आई, एक तारखेपासून तुम्हाला बाहेरून टिफिन सुरू करते. यू डिझर्व्ह अ ब्रेक." मावशींनी शुक्रवारपर्यंत मुदत मागितली. या वेळीही "फर्स्ट क्लास" ऐकू आलं तर झारा ठेवून द्यायचा, असं त्यांनी मला सांगून ठेवलं.

त्या शुक्रवारी मी कोळंबीला मक्याचं पीठ लावून देत होते. मावशींनी सॉस घोटला आणि वाडगा उगाचच नाकापाशी नेला. काहीच नाही. मग त्यांनी करंगळी बुडवली आणि जिभेवर टेकवली. डोळे मिटले. माझा हात पिठातच थांबला.

"आंबट आहे गं," त्या पुटपुटल्या. "आणि मागून तिखट येतंय. जीभ शाबूत आहे माझी!" त्यांनी चिमूटभर साखर घातली. मग पुन्हा करंगळी.

टेबलावर वाडगा ठेवताना त्या म्हणाल्या, "अहो, हे उष्टं आहे. मी चाखलंय."

काकांनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. मग कोळंबी बुडवली. सावकाश चावली. दुसरी घेतली. मावशी पदराशी चाळा करत उभ्याच होत्या.

"सुनंदा," काका म्हणाले, "मीठ कमी आहे."

मावशी मटकन खुर्चीत बसल्या. हसायला लागल्या, मग रडायला लागल्या, आणि काका घाबरून म्हणाले, "अगं, थोडंसंच कमी आहे!"

"असू दे," त्या डोळे पुसत म्हणाल्या. "ऊर्मी, फोन दे गं तो. गौरांगीला सांगते, टिफिन कॅन्सल कर."